कप्तानाचा निवाडा

तीर्थरूप दादा यांस,


आपले पत्र पावले. दर्यावर्दी माणूस हा हुकमाचा बंदा, वरून आलेला हुकूम झेलावा आणि खालच्यास फर्मावावा एवढेच त्यास अवगत, सबब आरमारी कप्तानांस वसाहतींचे गव्हर्नर नेमणे हा इंग्रजांचा शुद्ध वेडेपणा होता, असे आपण लिहिता. सारी हयात महसूल खात्यात घालवलेल्या आपल्याशी मुलकी कारभाराविषयी वाद घालण्याचा माझा अधिकार नाही. तथापि हल्ली ज्या एका कप्तानाचे चरित्र मी वाचीत आहे, त्याचा घात हुकमाची वाट पाहण्याने नव्हे, तर ती न पाहण्याने झाला, असे माझे मत बनले आहे.

हा कप्तान म्हणजे रॉबर्ट फिट्झरॉय. डार्विन ज्या ‘बीगल’ जहाजावरून पृथ्वीप्रदक्षिणा करून आला, त्याचा हा नायक; आणि जग त्यास ओळखते तेही याच उसन्या नात्याने. दुसऱ्या चार्ल्स राजाच्या अनौरस वंशातील हा कुलीन तरुण १८०५ साली जन्मला आणि पूर्वीच्या कप्तानाने दक्षिण अमेरिकेच्या टोकाशी वैतागून स्वतःवर गोळी झाडून घेतल्यामुळे तेविसाव्या वर्षीच त्याच्या हाती जहाज आले. त्याचा स्वभाव पुढे एका प्रसंगाने उघड झाला. १८३० साली तिएरा देल फुएगोच्या रहिवाशांनी त्याची एक होडी पळवली, तेव्हा त्याने त्यांची माणसे ओलीस धरली. होडी परत मिळेना, तेव्हा चौघांना विलायतेस आणले. एक देवीने दगावला. उरलेल्या तिघांस त्याने शिकवले, राजाराणीच्या भेटीस नेले आणि त्यांना स्वदेशी पोचवण्यास सरकार प्रथम राजी होईना, तेव्हा पदरच्या पैशाने जहाज भाड्याने घेण्याची सिद्धता केली. डार्विन बरोबर होता त्या दुसऱ्या सफरीत किनाऱ्याच्या मोजणीस एक जहाज अपुरे वाटले म्हणून परवानगीची वाट न पाहता त्याने १,३०० पौंडांस दुसरे विकत घेतले. आरमार खात्याने खर्च नामंजूर केला, तेव्हा ते विकून टाकणे त्यास भाग पडले.

माणसे उचलून नेणे ही जबरदस्तीच होती, हे मी नाकारत नाही. परंतु आपल्या मनास जे उचित वाटले ते आधी करून टाकावे, मंजुरी मागाहून मागावी आणि ती न मिळाल्यास भुर्दंड स्वतः सोसावा, हा त्याचा शिरस्ता आपल्या ध्यानात आला असेल. हुकमाचा बंदा असा वागत नाही; ज्याच्या वरिष्ठांचे पत्र महिनोन्‌महिने पोचत नाही, असा समुद्रावरचा कप्तानच असा वागतो.

१८४३ च्या डिसेंबरात तो न्यूझीलंडचा गव्हर्नर होऊन ऑकलंडला उतरला, तेव्हा खजिना रिता होता, शिपाई मूठभर होते आणि वायराऊचे प्रकरण ताजे होते. त्या खोऱ्यातील जमीन आपण खरीदली आहे असे समजून न्यूझीलंड कंपनीने मोजणीदार पाठवले. माओरी सरदार ते राउपराहा आणि ते रंगिहाएआता यांनी त्यांना हाकलून त्यांची झोपडी जाळली. त्यावर वॉरंट घेऊन गेलेल्या गोऱ्यांची त्यांच्याशी चकमक झाली आणि बावीस गोरे प्राणांस मुकले. त्यांपैकी कित्येकांस शरण आल्यावर, ते रंगिहाएआताच्या बायकोच्या मृत्यूचा सूड म्हणून, मारण्यात आले होते. मृतांत कंपनीचा मुखत्यार आर्थर वेकफील्ड होता; तोही आरमाराचाच कप्तान.

१८४४ च्या फेब्रुवारीत फिट्झरॉय वाइकानाए येथे गेला, माओरींच्या भर सभेत ते राउपराहाची कैफियत त्याने ऐकून घेतली आणि जाहीर निवाडा दिला की, शरणागतांची हत्या हा घोर अपराध खरा, परंतु निकाल न लागलेल्या जमिनीवर मोजणी नेणाऱ्या गोऱ्यांनीच प्रथम आगळीक केली. सबब सूड घेतला जाणार नाही. वसाहतवाले खवळले. दादा, हा निवाडा मी पुनःपुन्हा वाचला आणि प्रत्येक वेळी तो मला यथान्याय वाटला.

न्यू प्लिमथचा जमिनीचा तंटा तर आपल्या खास विषयातला. तेथील पुष्कळ माओरी युद्धामुळे परागंदा झाले होते, कित्येक कैदी होऊन नेले गेले होते. गैरहजेरीने त्यांचा हक्क बुडाला असे मानून जमिनीच्या दाव्यांची चौकशी करणाऱ्या कमिशनरने ६०,००० एकर कंपनीच्या पदरात टाकले. आपल्याकडे मिरासदार परागंदा झाला तरी त्याची मिरास बुडत नसे. तेच तत्त्व, आपला मुलूख कधी न पाहिलेल्या या कप्तानाने उचलून धरले, कमिशनरचा ठराव रद्द केला आणि अवघे ३,५०० एकर रीतसर खरेदी करून दिले.

येथवर मी त्याचा वकील आहे. पुढे वकीलपत्र जरा सैल करावे लागते. पगारास पैसा नाही म्हणून त्याने लंडनच्या आज्ञेविरुद्ध सरकारी रोखे काढून ते चलन म्हणून चालवले. जकात उठवली, तिच्या जागी कर बसवला, तो वसूल होईना, तेव्हा जकात पुन्हा लावली. इंग्रज व माओरी यांच्यातील वाइतांगीच्या तहान्वये माओरींची जमीन प्रथम सरकारनेच घ्यावयाची. ती अट शिथिल करून त्याने सरकारी आकार आधी एकरी दहा शिलिंग आणि थोड्याच महिन्यांत एक पेनी केला. लंडनहून पत्र येण्यास चार-पाच महिने लागत, हे खरे. पण जहाजावरच्या स्वेच्छेचा भुर्दंड त्याने स्वतःच्या थैलीतून भरला होता, इथला राज्याच्या पतीवर पडला. तिकडे उत्तरेस माओरी सरदार होने हेके याने कोरोरारेकाची इंग्रजी निशाणकाठी चार वेळा तोडली आणि १८४५ च्या मार्चात ते गावच हातचे गेले. बडतर्फीचा खलिता निघाला. नोव्हेंबरात जॉर्ज ग्रेने कारभार हाती घेतला, आणि फिट्झरॉयच्या वाट्यास न आलेले शिपाई व पैसा त्यास मिळाले, ही गोष्ट ग्रेचे स्तुतिपाठक सहसा सांगत नाहीत.

पुढे १८५४ साली हवामानाच्या नोंदी जमवण्याचे काम त्यास मिळाले. नोंदी जमवाव्यात, एवढाच हुकूम. १८५९ च्या तुफानात ‘रॉयल चार्टर’ जहाज चारशेहून अधिक जीवांसह बुडाले, तेव्हा यास स्वस्थ बसवेना. तारायंत्राने बंदरोबंदरी वादळाचे इशारे पाठवण्यास त्याने आरंभ केला आणि १८६१ पासून वृत्तपत्रांत उद्याच्या हवेचे भाकीत छापू लागला. भाकीत चुकले की विद्वान हसत; खलाशी मात्र इशाऱ्याकडे डोळे लावून असत. ३० एप्रिल १८६५ रोजी त्याने वस्तऱ्याने आपला गळा कापून घेतला. वडिलोपार्जित द्रव्य त्या साऱ्या सार्वजनिक खटाटोपात संपून गेले होते. कुटुंबासाठी वर्गणी काढावी लागली आणि तीत धर्ममतावरून ज्याचे त्याच्याशी कायमचे बिनसले होते त्या डार्विनने शंभर पौंड घातले.

आता आपणांस एक विचारतो. खजिना रिता, शिपाई नाहीत आणि वरिष्ठांचे उत्तर चार महिन्यांच्या वाटेवर, अशा जागी आपण असता तर ते रोखे काढले असते की नाही? वहिनींस साष्टांग नमस्कार, मुलांस आशीर्वाद. 

आपला आज्ञांकित,
धाकटा