मी मराठी शिकली

चाकणला प्रेस शॉपमध्ये माझ्या लाइनवर उत्तर प्रदेशातला एक ऑपरेटर आहे. चहाच्या सुट्टीत तो ऐटीत म्हणाला, "सर, मी मराठी शिकली." सगळे हसले. मी सांगितलं, "शिकली नाही रे, शिकलो." दुसऱ्या दिवशी डबा बंद करताना म्हणाला, "मी पोळी खाल्लो." पुन्हा हशा. "खाल्ली म्हण." पोरगा वैतागला. "सर, मी पुरुष की बाई, ते एकदा ठरवून टाका!"

मला उत्तर येईना. संध्याकाळी तळेगाव चौकात बस अडकली (तिथं विचाराला भरपूर वेळ मिळतो), तर डोक्यात तेच. मी चावी विसरलो, पण मी चावी हरवली. चावी तीच, वेंधळा मीच. शाळेच्या हिशेबानं पहिला कर्तरी प्रयोग, दुसरा कर्मणी. नाव आठवलं, कारण काही सापडेना.

भाची डेक्कन कॉलेजात भाषाविज्ञान शिकते. तिला फोन केला आणि फसलो. चॉम्स्की, १९५७ चं 'सिंटॅक्टिक स्ट्रक्चर्स', जनरेटिव्ह व्याकरण! मोजक्या नियमांतून अगणित वाक्यं तयार होतात आणि ते नियम बोलणाऱ्याला नकळत येत असतात, म्हणे. मला येतात? मग सांगता का येत नाहीत?

तिनं वाक्याचं झाड काढून पाठवलं, मूळ वर आणि फांद्या खाली. ते मात्र ओळखीचं वाटलं. आमच्या बीओएममध्ये, म्हणजे सुट्या भागांच्या यादीत, असेंब्लीखाली सब-असेंब्ली अशीच लटकते. न चालणाऱ्या वाक्यापुढे हे भाषाविज्ञानवाले चांदणी काढतात, म्हणजे आमचा रिजेक्ट मालाचा लाल बिनच. 'चौकोनी झोप जोरात धावली' याला अर्थ नाही, तरी माल ओके. 'चौकोनी झोप जोरात धावलं' रिजेक्ट. तपासणी कोण करतं, कुठल्या गेजनं, ते अजून मला उमगलेलं नाही. पाणिनीचं व्याकरणही याच जनरेटिव्ह जातीचं, हे चॉम्स्कीनंच १९६५ मध्ये लिहिलंय, असं ती म्हणाली. मी नुसतं हं हं केलं.

एक गोष्ट मात्र पटली. हिंदीत 'मैंने मराठी सीखी' म्हणतात. म्हणजे पोरानं स्वतःचा नियम अगदी चोख लावला होता. आमच्या शिकणं, विसरणं, पिणं या क्रियापदांनी मध्येच कर्त्याची बाजू घेतली, त्याला तो काय करणार?

हे सांगायला सोमवारी लाइनवर गेलो, तर तो पंधरा मिनिटं उशिरा आला.

"सर, मी बस चुकली."

"माझी बस चुकली, असं म्हणायचं."

"बस तर कंपनीची आहे ना?"