आखणीत सापडलेली खाण

महामार्ग आला की खडीची मागणी वाढते, आणि कधीकधी त्याच महामार्गाच्या आखणीत खडीची खाणही येते. सुरत–चेन्नई महामार्गाची आखणी नाशिक जिल्ह्यात सुरगाणा, पेठ, दिंडोरी, नाशिक, निफाड आणि सिन्नर तालुक्यांतून निघाली. या मुलखात खाली दख्खनचा काळा पत्थर. अशा वेळी आखणीतला खाणचालक आपला खाणपट्टा दुसऱ्याच्या गळ्यात घालून मोकळा होऊ पाहतो. घेणाराही भेटतो; स्वस्तात मिळतोय ना!

पण घेणाऱ्याच्या हाती नेमके काय पडते? जमीन सातबाऱ्यावरच्या मालकाची. दगड मात्र महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 48 नुसार सामान्यतः सरकारचा. ब्रासमागे, म्हणजे 100 घनफुटांमागे, स्वामित्वधन भरून तो ठरावीक मुदतीत काढून न्यायचा हक्क म्हणजे खाणपट्टा. म्हणून सक्षम अधिकाऱ्याच्या पूर्वपरवानगीशिवाय तो दुसऱ्याच्या नावे होत नाही. नोटरीपुढच्या करारनाम्याने ती परवानगी भरून निघत नाही.

त्यानंतर पाहायचे, भूसंपादन कोणत्या कायद्याने चालले आहे. 2013 च्या भूसंपादन कायद्यात कलम 11 ची प्राथमिक अधिसूचना निघाली की पोटकलम 4 प्रमाणे त्या जमिनीचे व्यवहार थांबतात, नवा बोजाही चढवता येत नाही. विशेष परिस्थितीत जिल्हाधिकारी सूट देऊ शकतात, पण ती आधी मागावी लागते.

राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, 1956 मध्ये असा उघड मज्जाव नाही. कलम 3-एची अधिसूचना निघते, हरकतींना 21 दिवस मिळतात. वर्षभरात कलम 3-डीची घोषणा झाली की जमीन सर्व बोजांतून मुक्त होऊन केंद्र सरकारकडे जाते. त्या मुक्ततेत खाणपट्टाही धरलाच पाहिजे. माझ्या मते हा कायदा घेणाऱ्याला जास्त फसवा. मनाई नाही म्हणून तो निर्धास्त राहतो आणि पैसे मोजून बसतो.

अधिसूचनेनंतर जमीन घेणाऱ्याला संपादनाला आव्हान देता येत नाही, फार तर विकणाऱ्याच्या जागी भरपाई मागता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने 1996 मध्ये कालरा प्रॉपर्टीजच्या आणि 2019 मध्ये शिवकुमार यांच्या खटल्यात सांगितले. ही प्रकरणे जमीन खरेदीची होती. पट्टा घेणाऱ्याने याहून मोठी आशा धरू नये.

भरपाईतही दगडाचा भाव धरून बसण्यात अर्थ नाही, कारण स्वतःचाच दगड सरकार कशाला विकत घेईल? पट्टेदाराचा दावा उरतो तो शिल्लक मुदतीचा, क्रशरचा, शेडचा. तोही जमीनमालकाच्या दाव्याशी भिडतो. महामार्ग कायद्यात असा वाटणीचा वाद कलम 3-एच खाली दिवाणी न्यायालयात जातो, आणि तिथली वर्षे पट्ट्याच्या मुदतीत कोणी वाढवून देत नाही.

उलटा प्रकारही नाशिककरांनी पाहिला आहे. नाशिक–पुणे रेल्वेसाठी सिन्नर भागात जमिनींची थेट खरेदी सुरू झाली, मग थांबली. पुढे खोडदच्या जीएमआरटी दुर्बिणीला अडथळा नको म्हणून जुनी आखणीच मागे पडली. अशा वेळी पडत्या भावात पट्टा विकणारा हळहळतो आणि घेणारा खूश होतो. म्हणून सौदा करायचाच असेल, तर अधिसूचनेची तारीख, गट क्रमांक, संयुक्त मोजणीचा नकाशा आणि पट्ट्याची शिल्लक मुदत पाहावी. भरपाई कोण घेणार आणि संपादन रद्द झाल्यास किंमत बदलणार का, ही दोन कलमे करारातच लिहून घ्यावीत. परवानगी मिळेपर्यंत इसाराची रक्कम मात्र लहानच ठेवावी.