गोमुखाची तयारी ब्रह्मगिरीवर

गोदावरीचा उगम आम्हीं लहानपणापासून इतक्या वेळां पाहिला आहे कीं, तो पाहण्यासारखा आहे हेंच आम्ही विसरून गेलों होतों. नाशिकाहून त्र्यंबकेश्वर अवघें २८ किलोमीटर. पाहुणे आले कीं त्यांना घेऊन जावें, कुशावर्तावर स्नान करावें, देवदर्शन घ्यावें, आणि ब्रह्मगिरीला खालूनच हात जोडून संध्याकाळच्या गाडीनें परतावें, हा आमचा वर्षानुवर्षांचा परिपाठ. परंतु २०२४ च्या मार्गशीर्षांत आम्ही तेथें गेलों तें निराळ्याच हेतूनें. डोंगराकडून आम्हांला एका प्रश्नाचें उत्तर हवें होतें.

भागीरथीचा उगम एकदां डोळ्यांनीं पाहावा ही आमच्या सौभाग्यवतींची फार दिवसांची इच्छा. त्यांच्या माहेरीं देवघरांत काशीहून आणलेला, तोंड बंद केलेला गंगेचा गडू असे. आपला गडू आपण स्वतः गोमुखावर भरावा, आणि जातांना दक्षिण गंगेचें पाणी उत्तर गंगेला नेऊन घालावें, असें त्यांच्या मनानें केव्हांच घेतलेलें. पुण्यास संगणकाच्या कचेरींत असलेल्या आमच्या पुतण्यानें ही इच्छा हेरली आणि एका संस्थेचें पत्रक आणून समोर ठेवलें. गंगोत्री, गोमुख, तपोवन, बरोबर वाटाडे, स्वैपाकी, तंबू, वय पासष्टपर्यंत चालेल, अवघडपणा ‘मध्यम’. हा ‘मध्यम’ शब्द वाचून आम्ही बराच वेळ विचारांत पडलों. कोणाच्या मानानें मध्यम? पंचविशींतल्या पुतण्याच्या, सत्तावन्न वर्षांच्या काकूंच्या, कीं बासष्टाव्या वर्षीं जिना चढतांना मधल्या वळणावर पिशवी खालीं ठेवणाऱ्या काकांच्या?

“काका, नुसता विचार काय करतां? आधीं ब्रह्मगिरी चढून पाहूं या. तो जमला तर तपोवनहि जमेल,” पुतण्या म्हणाला. या वाक्याचा पूर्वार्ध अगदीं बरोबर होता. उत्तरार्ध साफ चुकीचा होता. पण तें कळावयास आम्हांला सहा महिने लागले.

आम्ही त्र्यंबकास आदल्या दिवशीं जाऊन तीर्थोपाध्यायांच्या वाड्यांत उतरलों. रात्रीं निवृत्तिनाथांच्या समाधीचें दर्शन घेऊन आलों. ब्रह्मगिरीच्या पायथ्याशीं ही समाधि आहे, आणि तिच्यामागची कथा मराठी घरांत कोणास ठाऊक नाहीं? विठ्ठलपंत बायकोमुलांसह ब्रह्मगिरीची प्रदक्षिणा करीत असतां वाघ आडवा आला, पळापळ झाली, आणि वाट चुकलेला निवृत्ति एका गुहेंत शिरला तों तेथें गहिनीनाथ बसलेले. आमच्या सौभाग्यवतींचें लक्ष मात्र नेहमींप्रमाणें निराळ्याच ठिकाणीं. “त्या रात्रीं रुक्मिणीबाईंचें काय झालें असेल हो? तीनच मुलें हातीं लागलेलीं!” असें त्या परततांना म्हणाल्या, आणि मग वाड्यापर्यंत आम्ही कोणीच बोललों नाहीं.

पहाटे सहाला निघालों. वाटाड्या म्हणून उपाध्यायांनीं जवळच्याच एका पाड्यावरचा महादेव कोळ्यांचा जाणता गृहस्थ दिला होता. पायांत साध्या वहाणा, हातांत काठी, आणि चालणें असें कीं जणूं त्याला कोठेंच पोंचावयाचें नाहीं. पहिल्या दहा मिनिटांत पुतण्या दोन वेळां त्याच्या पुढें गेला, आणि त्यानें दोन्ही वेळां त्याला शांतपणें मागें बोलावलें. “दादा, बोलतां बोलतां चढतां आलं पाहिजे. बोलणं थांबलं म्हंजी पाय जास्त चाललं.” पुढें हिमालयांतील चालण्यावर आम्हीं जें जें वाचलें त्यांत याहून अधिक उपयोगाचें वाक्य आम्हांस सांपडलें नाहीं.

गांवापासून माथ्यापर्यंत चढ सुमारें १,८०० फुटांचा; समुद्रसपाटीपासून माथ्याची उंची सव्वाचार हजार फूट, म्हणजे साधारण १,३०० मीटर. वाटेवर एके ठिकाणीं फांटा फुटतो. एक वाट गंगाद्वाराकडे जाते. दुसरी, पायऱ्यापायऱ्यांची, ब्रह्मगिरीच्या माथ्याकडे. विसाव्या शतकाच्या आरंभीं कराचीच्या एका शेठांनीं या पायऱ्या बांधविल्या असें सांगतात. पुढें बांधीव पायऱ्या संपून कातळांत कोरलेल्या लागतात, आणि त्या चढतांना आपण देवस्थानाच्या नव्हे, किल्ल्याच्या वाटेवर आहोंत हें ध्यानांत येतें. १८१८ सालीं इंग्रजांनीं घेतला तो त्र्यंबकचा किल्ला हाच. पायऱ्या उंच, अरुंद, मधोमध झिजलेल्या. वर वानरांच्या टोळ्या हातांतील पिशवीवर डोळा ठेवून बसलेल्या. सौभाग्यवतींच्या खांद्याला कुशावर्ताच्या पाण्याचा गडू होता. त्याचें तोंड फडक्यानें बांधून घेतलेलें पाहून एक वानर बराच वेळ त्यांच्या मागोमाग आलें. खायचें कांहीं नाहीं अशी खात्री पटल्यावर तें निघून गेलें.

याच कातळी पायऱ्यांवर आमची गोष्ट घडली. छातीच्या मध्यभागीं कोणी तळहात दाबून धरावा तसें कांहींसें वाटूं लागलें. दुखणें म्हणावें असें तें नव्हतें. डावा दंड जड झाला. आम्ही थांबलों, आणि पूर्वेकडे अंजनेरीच्या डोंगरावर उतरलेलें ऊन किती सुरेख दिसतें आहे तें सर्वांस दाखवूं लागलों. दोन मिनिटांत तें दडपण गेलें. पुन्हा चढलों, पुन्हा आलें. त्या सकाळीं आम्हीं निसर्गशोभेचें जेवढें वर्णन केलें तेवढें उभ्या जन्मांत केलें नसेल! एकाहि वेळीं खरें कारण तोंडांतून निघालें नाहीं. आमच्यामुळें मंडळींचा बेत फसावा हें आम्हांला नको होतें, असें आम्ही मनाशीं म्हणत होतों. आज प्रामाणिकपणें लिहावयाचें तर, बायकोला जमतें आणि आपल्याला नाहीं, हें नको होतें.

त्यांना खरोखरच जमत होतें. दर पन्नासएक पायऱ्यांनीं त्या उघडपणें बसत, “थांबा हो, मला दम लागला,” असें निःसंकोच सांगत, घोटभर पाणी पीत, आणि उठत. माथ्यावर आल्यावर वारा लागला. तेथून पठार ओलांडून पलीकडे मूळगंगेचें देऊळ. जटामंदिर त्याच्या पुढें. थोड्याशा जागेंत उमटणारें तें पाणी पाहून, हीच नदी पुढें १,४६५ किलोमीटर वाहत पूर्वसमुद्रास मिळते, हें मनाला पटवून द्यावें लागतें. याच डोंगररांगेंत उगम पावलेली वैतरणा मात्र पश्चिमेची वाट धरते.

पुतण्याला दुर्गभांडार पाहावयाचें होतें. मुख्य डोंगरापासून जवळजवळ सुटलेला असा हा सुळका, कातळाच्या अरुंद मानेनें जोडलेला. दोन्ही बाजूंस दरी. वाटाड्यानें वाऱ्याचा अंदाज घेतला, आमच्याकडे एकदां पाहिलें, आणि “आज नाय,” म्हणाला. पुतण्यानें हरिहर आणि कळसूबाई किती वेळां केले तें सांगितलें. “ते केलं असंल, पर आज नाय.” पुतण्या रुसून बसला, पण उतरला.

उतारावर दडपण आलें नाहीं. गुडघे मात्र बोलूं लागले. खालीं फांट्याशीं बसलों असतां वाटाड्या सौभाग्यवतींना हलकेच म्हणाला, “आजी, बाबांना डॉक्टरला दावा. डोंगर बघाया इतक्यांदा कोण थांबत नाय.” त्यांनीं आमच्याकडे वळून एवढेंच विचारलें, “अहो, किती वेळां झालें?” खोटें बोलण्याची तेव्हां सोय नव्हती.

नाशिकास तपासण्या झाल्या. चालत्या पट्ट्यावरच्या परीक्षेंत दोष दिसला, पुढल्या तपासणींत हृदयाची एक रक्तवाहिनी अरुंद झालेली निघाली. श्रम करतांना छातीवर ओझें येणें आणि थांबतांच जाणें, ही या विकाराची अगदीं ठराविक खूण आहे, असें डॉक्टरांनीं सांगितलें. औषधें सुरू झालीं आणि गोमुख आमच्यापुरतें मिटलें. सौभाग्यवतींचा रक्तदाब औषधानें ताब्यांत होता. त्यांना परवानगी मिळाली. “तुम्हांला सोडून मी कशी जाऊं?” या प्रश्नावर आमच्या घरीं चार दिवस काथ्याकूट झाला. शेवटीं आम्हींच म्हटलें कीं, तुम्ही गेलां नाहीं तर जन्मभर आमच्या छातीवर तें दुसरें ओझें राहील.

मग आम्हीं घरीं बसून निदान कागदावरचें काम तरी नीट करावयाचें ठरविलें, आणि तेथें पुतण्याच्या वाक्याचा उत्तरार्ध कोसळला. ब्रह्मगिरी पाय पारखतो, गुडघे पारखतो, आमच्यासारख्याचें हृदयहि पारखतो. पण विरळ हवा त्याच्यापाशीं नाहीं. तिचा त्रास साधारण २,५०० मीटरच्या वर सुरू होतो. आपल्या कळसूबाईची उंची १,६४६ मीटर. महाराष्ट्रांत तेवढी उंच जागाच नाहीं, तर परीक्षा द्यावयाची कोठें? तपोवन सुमारें ४,४५० मीटर; तेथें हवेचा दाब समुद्रकाठच्या जेमतेम तीनपंचमांश. हा त्रास धट्ट्याकट्ट्या तरुणालाहि होतो, नव्हे, तो वेगानें चढतो म्हणून कधीं कधीं त्यालाच आधीं होतो. शरीराला संवय होण्यास दिवस द्यावे लागतात. ३,००० मीटरच्या वर निजण्याची जागा रोज फार तर ५०० मीटरनें वाढवावी, आणि तीन-चार दिवसांआड एक दिवस मुक्काम करावा, असा जाणत्यांचा दंडक आहे.

या मापानें पत्रक तपासलें. उत्तरकाशीची उंची १,१५० मीटर. तेथून मोटारीनें एका दिवसांत ३,१०० मीटरवरील गंगोत्री, दुसऱ्या दिवशीं ३,८०० मीटरवरील भोजबासा, तिसऱ्या दिवशीं तपोवन. मुक्कामाचा एकहि दिवस नाहीं! पैसे आणि रजा वांचविण्याची ही युक्ति फुप्फुसांना कोण समजावून सांगणार? आम्हीं संस्थेस पत्र घातलें. मुक्काम कां नाहीं? कोणी आजारी पडल्यास त्याला खालीं आणण्यास वेगळा माणूस आहे काय? परत फिरण्याचा शब्द कोणाचा, वाटाड्याचा कीं कचेरीचा? उत्तर आलें तें प्राणवायूच्या नळकांड्यांचें आणि बोटाला लावावयाच्या मापकाचें. दोन्ही वस्तु चांगल्याच. पण त्या खालीं उतरण्याच्या ऐवजीं नव्हेत. त्याच वर्षींच्या जूनमध्यें उत्तरकाशीकडच्या सहस्रतालाच्या वाटेवर २२ जणांच्या तुकडींतील ९ जण हिमवादळांत दगावले होते; वाटाडे त्यांच्याहि बरोबर होतेच.

दुसऱ्या संस्थेनें हर्षिलास एक आणि गंगोत्रीस दोन रात्री कबूल केल्या. पैसे अधिक पडले. विरळ हवेची संवय लवकर व्हावी म्हणून एक गोळी मिळते. ती डॉक्टरांनीं दिल्यावांचून घेऊं नये, आणि घेतली म्हणून घाईहि करूं नये, असें डॉक्टरांनीं दोघांसहि बजावलें. गोमुखाच्या वाटेवर दिवसाला १५० जणांनाच वनखात्याचा परवाना मिळतो, तोहि आधींच काढला. पावसाळा तर प्रथमपासूनच वर्ज्य होता; त्या खोऱ्याचा भरंवसा किती धरावा हें पुढें, २०२५ च्या ऑगस्टांत, खीरगंगेच्या लोंढ्यानें धराली गांवाची जी दशा केली तीवरून सर्वांना दिसलेंच.

मे महिन्याच्या अखेरीस काकू-पुतण्या निघाले. गंगोत्रीहून दोन्ही दिवस दूरध्वनि आला. सौभाग्यवतींचें डोकें पहिल्या रात्रीं दुखलें, दुसऱ्या दिवशीं थांबलें. त्यानंतर दोन दिवस कांहींच कळलें नाहीं. ते दिवस आम्हीं कसे काढले तें लिहीत नाहीं.

घडलें तें असें. चौदा किलोमीटर चालून मंडळी भोजबाशास पोंचली. संध्याकाळीं पुतण्याला जेवण जाईना. रात्रीं डोकें फुटूं लागलें, दोन वांत्या झाल्या. पहाटे सगळे तंबूंत झोंपलेले असतां त्यानें काकूंना उठविलें आणि म्हणाला, “काकू, मला बरें वाटत नाहीं. मी दुर्गभांडारासारखें करणार नाहीं.” वाटाड्यानें उजाडतांच त्याला खालीं नेण्याचें ठरविलें. त्याच्या सोबतीस माणूस होता; काकूंनीं पुढें जावें, गोमुख अवघें चार किलोमीटर, असें सर्वांनीं सांगितलें. त्यांनीं वर पाहिलें. भागीरथीचीं तिन्ही शिखरें उन्हांत आलीं होतीं. मग त्यांनीं गडू उचलला आणि पुतण्याबरोबर उतरावयास लागल्या.

चिडबाशापाशीं येईतों त्याचें डोकें हलकें झालें; गंगोत्रीस त्यानें खिचडी मागून घेतली. वाटेंत पाण्याजवळ जातां येईल अशी जागा पाहून सौभाग्यवतींनीं कुशावर्ताचें पाणी भागीरथींत सोडलें आणि तेथेंच गडू भरून घेतला. पाणी गोमुखाचेंच, दहा-बारा किलोमीटर खालीं घेतलें एवढेंच, असें त्या म्हणतात.

गडू देवघरांत आहे. तोंड त्यांनीं अजून बंद करून घेतलेलें नाहीं. विचारलें तर “राहूं द्या तसाच, पुन्हा न्यायचा आहे,” म्हणतात; आणि दर रविवारीं पहाटे, आम्हांला खालीं निवृत्तिनाथांच्या ओसरीवर बसवून, पुतण्याबरोबर ब्रह्मगिरीच्या पायऱ्या चढूं लागतात.