सिस्टरवहिनींचा कागद

घरातल्या बाईला किती तारखा तोंडपाठ असतात! विजेचे बिल, विम्याचा हप्ता, मुलांची फी, सासऱ्यांच्या गोळ्या संपण्याचा दिवस. यांतली एखादी चुकली तर घरभर चर्चा होते. पण तिच्या स्वतःच्या नावाचा, तिने शिकून मिळवलेला जो कागद असतो, त्याची मुदत संपली तर कुणाला पत्ताही लागत नाही. कित्येकदा तिलाही नाही.

नाशिकच्या एका वसाहतीतल्या सिस्टरवहिनींचे असेच झाले. हे नाव त्यांना शेजाऱ्यांनीच दिलेले. जनरल नर्सिंगचा अभ्यासक्रम पुरा करून २००४ साली त्यांनी महाराष्ट्र परिचर्या परिषदेकडे नोंदणी केली. नोकरीत असताना २००९ साली तिचे नूतनीकरणही झाले. २०११ मध्ये दुसरे मूल झाले, रात्रपाळी जमेना, म्हणून नोकरी सोडली. ‘मुलं जरा मोठी झाली की परत जाईन,’ असे ठरले होते. नोंदणीचे प्रमाणपत्र प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून कपाटात, साड्यांच्या खाली गेले. २०१४ साली त्याची मुदत संपली, तेव्हा घरात थोरल्याच्या शाळाप्रवेशाची धावपळ चालू होती.

लोकांच्या लेखी मात्र त्या सिस्टरच राहिल्या. कुणाच्या बाळाला ताप आला, कुणाचे ड्रेसिंग बदलायचे असले की हाक त्यांनाच. २०२१ च्या एप्रिलमध्ये करोनाची दुसरी लाट आली, तेव्हा शेजारी बोटाला ऑक्सिमीटर लावून त्यांच्या दाराशी उभे राहत. रुग्णालये परिचारिकांसाठी जाहिराती देत होती. वहिनींनाही जावेसे वाटले. त्यांनी कपाटातून कागद काढला, त्यावरची तारीख वाचली आणि गुपचूप परत ठेवून दिला.

पुढच्या वर्षी यजमानांचा कारखाना बंद पडला. आता नोकरी ही हौस उरली नव्हती. वहिनी एका रुग्णालयात मेट्रनबाईंना भेटायला गेल्या. मेट्रनबाईंनी प्रमाणपत्र नीट पाहिले आणि शांतपणे म्हणाल्या, “सिस्टर, तुमचा हात चांगला असेल, पण नोंदणी संपून आठ वर्षं झाली. चालू नोंदणी नसताना मी तुम्हाला रुग्णाजवळ कशी उभी करू?”

वहिनी घरी आल्या त्या रडवेल्या होऊन. “एवढं शिकले, सात वर्षं ड्यूटी केली, ते काय पुसलं गेलं?” त्यांचा हा प्रश्न रास्त वाटतो. पण मेट्रनबाईंचेही चूक नव्हते.

परिचारिकांची सरकारदरबारी नोंद असावी की नसावी, यावर इंग्लंडमध्ये एके काळी मोठा वाद झाला होता. गंमत म्हणजे खुद्द फ्लॉरेन्स नाइटिंगेल नोंदणीच्या विरोधात होत्या. परीक्षा आणि नावांची यादी यांवरून चांगली परिचारिका ओळखता येत नाही, असे त्यांचे म्हणणे. तरीही न्यूझीलंडने १९०१ साली कायदा केला, इंग्लंडने १९१९ साली. आपल्याकडे मद्रास प्रांतात १९२६ साली आणि मुंबई प्रांतात १९३५ साली असे कायदे झाले. पुढे १९४७ च्या कायद्याने भारतीय परिचर्या परिषद आली आणि १९६६ साली महाराष्ट्राचा स्वतंत्र कायदा झाला.

नाइटिंगेलबाईंची शंका मात्र अगदीच खोटी नव्हती. एकदा यादीत नाव लागले म्हणजे ती बाई जन्मभर तयारीची राहील, याची हमी काय? नूतनीकरण हे त्याच शंकेचे उत्तर आहे. म्हणून तर नोंदणीची मुदत पाच वर्षांची असते आणि या काळात १५० तासांचे निरंतर शिक्षण घ्यावे, असे भारतीय परिचर्या परिषदेने ठरवले. या शिक्षणाची मोजणी राज्याची परिषद करते, तेव्हा आपला हिशेब तिच्याकडूनच विचारून घेणे बरे.

वहिनींनी घरी हे सांगितले तेव्हा यजमान म्हणाले, “अगं, इंजेक्शन द्यायला तू विसरलीस का काय? फी भरायची न् शिक्का घ्यायचा, संपलं!” सासूबाई मात्र गप्प होत्या. रात्री त्यांनी भिशीचे पैसे सुनेच्या हातात ठेवले. “घरपट्टीची एकही पावती मी हरवली नाही. तुझा कागद मात्र माझ्या ध्यानात आला नाही बघ. तू वर्गाला जा, पोरांचं मी बघते.”

मग सुट्टीच्या दिवशी कार्यशाळा सुरू झाल्या. पहिल्याच दिवशी वहिनींना कळले की विसरण्यापेक्षा बदललेले जास्त आहे. हृदय बंद पडलेल्या रुग्णाचा आधी श्वासमार्ग मोकळा करायचा, असे त्या शिकल्या होत्या. २०१० पासून मोठ्या माणसांच्या बाबतीत हा क्रम उलटला आहे. आधी छातीवर दाब, मग श्वास. रुग्णालयातल्या कचऱ्याचे नियम २०१६ साली नव्याने आले. पिवळ्या पिशवीत काय, लाल पिशवीत काय, सुया टाकायचा पांढरा डबा कोणता, काचेसाठी निळा कोणता, हे सगळे पुन्हा पाठ करावे लागले. त्याच वर्षी पोलिओच्या थेंबांतही बदल झाला. तीन प्रकारांच्या विषाणूंऐवजी आता दोनच. शेजारच्या सुनेला वहिनी जे सांगत आल्या होत्या, त्यातले निम्मे जुने झाले होते! त्या दिवशी मेट्रनबाईंवरचा राग गेला.

कागदपत्रांची अडचण वेगळीच. नोंदणी माहेरच्या नावाने, आधार कार्ड सासरच्या नावाने. विवाह नोंदणीचे प्रमाणपत्र शोधण्यात पंधरा दिवस गेले. उशिराचे जादा शुल्क भरावे लागले. पण अखेर नूतनीकरण झाले, आणि त्याच मेट्रनबाईंच्या हाताखाली नोकरीही मिळाली. सुरुवातीला रात्रपाळीच. पगार फार नाही, तरी मुलांच्या फीची काळजी मिटली.

वहिनींना आता वसाहतीतल्या नर्सिंग शिकलेल्या मुली सल्ला विचारायला येतात. त्या सगळ्यांना सारखेच सांगतात. नोकरी सोडा, बाळंतपणाला माहेरी जा, पण नोंदणी सोडू नका. जमेल तेव्हा एखादी कार्यशाळा करा आणि तिचे प्रमाणपत्र जपून ठेवा. लग्नानंतर नाव बदलले तर परिषदेत लगेच कळवा. नवऱ्याची बदली दुसऱ्या राज्यात झाली तर तिथे नोंदणी करण्यासाठी इथल्या परिषदेचे ना हरकत प्रमाणपत्र लागते, ते जाण्याआधीच मागून घ्या. परदेशी जायचे असले तरी आधी इथली नोंदणी चालू आहे का, हेच बघतात.

आणि मुलीबरोबर तिची सासू आली असेल तर वहिनी त्यांनाही बसवून घेतात. सुनेच्या वर्गाच्या दिवशी नातवंडांना कोण सांभाळणार, हे तेवढे आधी ठरवून टाका म्हणतात. बाकीचे ती करील.