एक मीटरचा चौकोन

जिना उतरायला शिकवणं हा मला पाचवीच्या वर्षातला सर्वांत महत्त्वाचा पाठ वाटतो. आमची शाळा नाशिकच्या पंचवटीत. घंटा झाली की दप्तरं पाठीवर आणि सगळी पोरं एकदम जिन्याकडे. "हळू जा रे" असं ओरडून काही होत नाही. मागच्याला पुढचं दिसतच नसतं. वाट मोकळी आहे असं समजून तो रेटतो.

म्हणून मी फरशीवर खडूनं एक मीटर लांबी-रुंदीचा चौकोन आखते. दोघं उभे राहतात, हात पसरतात. चौघं झाले की दप्तरं घासायला लागतात. पाचव्याला आत घेतलं की कुणीतरी म्हणतंच, "बाई, वळता येत नाही." तिथं मी थांबवते. मोठ्यांच्या गर्दीत एवढ्याच जागेत सहा-सात जण दाटले, की कुणाचेच पाय त्याच्या ताब्यात राहत नाहीत. आख्खी गर्दी लाटेसारखी हलते. अशा वेळी जीव जातो तो बहुतेकदा छाती दाबली जाऊन, उभ्या उभ्या श्वास कोंडून.

मग हातांची सवय. कोपरं वाकवून हात छातीसमोर, बरगड्यांपुढं वीतभर जागा. चप्पल निसटली, बाटली पडली, तरी वाकायचं नाही. रेटा आला की त्याच्याबरोबर सरकायचं, ओसरला की तिरकं तिरकं कडेला. पण भिंतीला चिकटायचं नाही. हे सगळं रोज सुटीच्या वेळी जिन्यावर, वर्षभर. फळ्यावर लिहून दिलेलं गर्दीत आठवत नाही.

एवढा आग्रह का, ते पंचवटीत सांगावं लागत नाही. २७ ऑगस्ट २००३ ला, सिंहस्थाच्या शाही स्नानाच्या दिवशी, सरदार चौकाच्या अरुंद उतारावर चेंगराचेंगरीत ३९ माणसं गेली. आमची मुलं त्याच गल्ल्यांतून शाळेत येतात. २०२७ च्या सिंहस्थात ती पाहुणी नसतील; घरच्या दुकानावर, हातगाडीवर, घाटावर असतील.

रामकुंडावर फुलांचे द्रोण विकणाऱ्या बाईंची मुलगी माझ्या वर्गात आहे. तिनं विचारलं, "आईची टोपली पडली तर? दिवसाची कमाई असते त्यात." टोपली सोडायची, असंच मी सांगितलं. पण हे आईला पटवायचं ओझं त्या पोरीवर टाकणं मला बरं वाटेना. येत्या पालकसभेत खुर्च्या बाजूला सारून चौकोन आखणार आहे, आणि आत आधी आयांना उभं करणार आहे, टोपल्यांसकट.