टक लावू नको, येतंय ते

खानापूर–लोंढा लोहमार्गावरच्या गुंजीत पाऊस लागला की माणसांबरोबर उंदीरही घरात येतात. कौलाखालच्या माळ्यावर भाताची पोती फुटू लागली, तेव्हा एका घरात मनीला आणलं. करड्या अंगावर काळे पट्टे, पोट पांढरं, डोळे हिरवट पिवळे. पहिले काही दिवस ती चुलीमागच्या लाकडांत दडून राहिली आणि तिथून घराची पारख करत बसली.

घरातल्या आज्जीने तिला कधी ओढून बाहेर काढलं नाही. ताटलीत दूधभात ठेवायची आणि तांदूळ निवडत बाजूला बसायची. मनीने तिच्याकडे पाहिलं की आज्जी डोळे बारीक करायची, सावकाश मिटायची, तितक्याच सावकाश उघडायची आणि पुन्हा सुपाकडे वळायची. एका सकाळी लाकडांमागूनही तसेच डोळे मिटले. मग मनी बाहेर आली, शेपटी ताठ, टोक किंचित वाकलेलं. पिलू आईकडे जाताना शेपटी अशीच उभी धरतं. मोठी मांजरं ही खूण ओळखीच्या मांजरासाठी आणि आवडत्या माणसासाठी राखून ठेवतात.

सुट्टीला आलेल्या नातवाची गोष्ट वेगळी. तो पोटावर आडवा होऊन मनीच्या तोंडासमोर तोंड नेऊन तिला निरखायचा. त्यात माया होती, पण मांजरांच्या जगात असं एकटक पाहणं म्हणजे आव्हान. दोन बोके कुंपणावर समोरासमोर येतात तेव्हा आधी नजरच भिडते. मनीचे कान आडवे व्हायचे, शेपटीचं टोक जमिनीवर आपटू लागायचं, भर उजेडातही बाहुल्या मोठ्या व्हायच्या. पंजा बसायचा तो यानंतर. “बाळा, टक लावू नको. डोळे हळू मिट, मग येतंय ते,” आज्जी सांगायची.

आज्जीचं हे शहाणपण पुढे इंग्लंडमधल्या ससेक्स विद्यापीठाच्या संशोधकांनी तपासून पाहिलं. २०२० साली त्यांचा लेख प्रसिद्ध झाला. पहिल्या प्रयोगात १४ घरांतली २१ मांजरं होती. मालकाने सावकाश डोळे मिटले की मांजरंही डोळे बारीक करून तसाच प्रतिसाद जास्त देत. दुसऱ्या प्रयोगात २४ मांजरांसमोर अनोळखी माणूस बसला. कोऱ्या चेहऱ्याने हात पुढे करण्यापेक्षा त्याने आधी डोळे मिटले, तर मांजर त्या हाताकडे येण्याची शक्यता वाढली. डोळे मिटून दूध पिणाऱ्या मांजराला आपल्या म्हणीने लबाड ठरवलंय. तो अन्यायच आहे. डोळे मिटणं ही मांजराची मैत्रीची खूणही असू शकते.

मनी माणसांचे चेहरे वाचते, हे घरात पिठाची गिरणी आली तेव्हा कळलं. यंत्र घरघरू लागताच ती दाराशी थिजली. तिने यंत्राकडे पाहिलं, मग सुनेच्या तोंडाकडे, पुन्हा यंत्राकडे. सून हसत बोलत राहिली, तशी मनी पोट जमिनीला लावून दोन पावलं पुढे आली. इटलीत मिलान विद्यापीठातल्या अभ्यासकांनी २०१५मध्ये फिती बांधलेला पंखा मांजरांपुढे लावून हेच पाहिलं होतं. २४ मांजरांपैकी ७९ टक्के मांजरांनी नजर पंख्यावरून मालकाकडे आणि मालकावरून पंख्याकडे नेली. मालक घाबरलेला दिसला, तर मांजरं बाहेरच्या वाटेकडे लवकर पाहू लागत. मांजराला फक्त घर कळतं, माणूस नाही, हे आपल्याकडे फार ठामपणे म्हटलं जातं. या घरातलं कुणी आता तसं म्हणत नाही.

म्हातारपणी मनीच्या बाहुल्या अंगणातल्या उन्हातही मोठ्याच राहू लागल्या. भ्यायली म्हणावं, तर कान सैल आणि अंग मोकळं. तिच्या डोळ्यांची इतकी सवय झाली होती, म्हणून ही विसंगती लगेच ध्यानात आली. बेळगावला नेलं. जनावरांच्या डॉक्टरांनी पुढच्या पायाला पट्टा बांधून रक्तदाब मोजला. तो चढलेला होता. वयस्क मांजरांची मूत्रपिंडं थकली की रक्तदाब वाढतो आणि डोळ्यामागचा पडदा सुटून दृष्टी जाऊ शकते. गोळ्यांनी दाब उतरला, मनीची गेलेली दृष्टी मात्र परतली नाही.

मग घरच्यांनी ताटली, पाणी आणि तिचं पोतं यांच्या जागा कायम केल्या. जवळ जाण्याआधी हाक मारायची, मगच हात लावायचा, हा नियम नातवाने घालून दिला आणि पाहुण्यांनाही पाळायला लावला. मनी मिशा पुढे काढून भिंतीकडेने स्वयंपाकघरात यायची. नजरेचं बोलणं थांबलं तरी शेपटीचं चालू राहिलं: आज्जीचा आवाज आला की ताठ, परक्याचा आला की अंगाशी. माळ्यावरचे उंदीर आता तिची लेक सांभाळत होती. ती सहसा कुणाच्या हाताला लागायची नाही, पण ताटली वाजली की सुनेच्या तोंडाकडे पाहायची.