डॉक ब्राउनला पैसे कोण देतं?

‘बॅक टू द फ्यूचर’ सुरू होतो तेव्हा पडद्यावर माणूस नसतो, नुसती घड्याळं असतात. लहान-मोठी, भिंतीवरची, टेबलावरची, सगळी एका सुरात टिकटिकणारी. एकाच्या काट्याला तर बाहुला लोंबकळतोय. कॅमेरा सरकत जातो. कॉफीचं यंत्र आपोआप सुरू झालंय, पण खाली भांडंच नाही. टोस्ट करपून कोळसा झालाय. कुत्र्याच्या खाण्याचा डबा एक यंत्र उघडतं आणि आधीच ओसंडलेल्या वाडग्यात पालथा करतं. वाडग्यावर कुत्र्याचं नाव आहे, आइनस्टाइन. आणि भिंतीवर वर्तमानपत्रांची जुनी कात्रणं: ब्राउन यांचा वाडा आगीत खाक, ब्राउन यांची जमीन बिल्डरच्या घशात.

डॉक एमेट ब्राउनचं निम्मं चरित्र इथंच सांगून होतं, तेही तो पडद्यावर यायच्या आत.

मी हा सिनेमा पहिल्यांदा पाहिला तो सोसायटीच्या गणपतीत, भाड्याने आणलेल्या व्हीसीआरवर. इंग्रजी संवाद डोक्यावरून गेले. गाडी, कुत्रा आणि घड्याळाच्या मनोऱ्यावर पडणारी वीज तेवढी कळली. परवा भाचीबरोबर पुन्हा पाहिला. ती पीएचडी करते आणि फेलोशिपचे पैसे रखडले की घरी येऊन जेवते. मनोऱ्याच्या प्रसंगापर्यंत ती गप्प होती. मग म्हणाली, “मामा, ह्याला फंडिंग कोण देतं?”

प्रश्न अगदी रास्त. कालप्रवासाच्या कथांमधले शास्त्रज्ञ एरवी हवेवर जगतात. डॉकचा हिशेब मात्र लागतो. 5 नोव्हेंबर 1955 रोजी कॅलिफोर्नियातल्या हिल व्हॅली या काल्पनिक गावात तो घड्याळ टांगायला कमोडवर चढतो, पाय घसरून आपटतो आणि शुद्धीवर येताना त्याला कालयंत्राचा गाभा ‘दिसतो’. पुढची तीस वर्षं आणि वाडवडिलांची सगळी इस्टेट त्यात जाते. 1985 मध्ये तो वाड्याच्या उरलेल्या गॅरेजमध्ये राहतो. यंत्राला लागणाऱ्या प्लुटोनियमसाठी तो अतिरेक्यांना बॉम्ब करून द्यायचं कबूल करतो आणि त्यांच्या हातात पिनबॉलच्या यंत्राचे जुने सुटे भाग भरलेलं कवच ठेवतो. नैतिकदृष्ट्या हे भयंकर आहे. पण साहित्य मिळवण्यासाठी माणूस कुठवर जातो, हे भाचीला लगेच पटलं!

गंमत म्हणजे सिनेमा काढणाऱ्यांची गतही फार वेगळी नव्हती. रॉबर्ट झेमेकिस आणि बॉब गेल यांच्या आधीच्या मसुद्यात कालयंत्र म्हणजे चक्क फ्रिज होता. मुलं बघून घरच्या फ्रिजमध्ये जाऊन बसतील, या भीतीने तो गेला आणि डेलोरियन गाडी आली. शेवट नेवाडातल्या अणुचाचणीच्या जागी व्हायचा होता. खर्च परवडेना, म्हणून तो गावच्या चौकातच उरकला. घड्याळाचा मनोरा आणि 12 नोव्हेंबर 1955 च्या रात्री 10 वाजून 4 मिनिटांनी पडणारी वीज आली ती या काटकसरीतून. माझ्या मते तीन भागांत मिळून इतका घट्ट बांधलेला दुसरा प्रसंग नाही.

कालयंत्राला लागणाऱ्या विजेचा आकडाही ऐकण्यासारखा आहे: 1.21 गिगावॅट, म्हणजे 1,210 मेगावॅट. आपल्या कोयनेची एकूण क्षमता 1,960 मेगावॅट. अख्ख्या कोयनेचा निम्म्याहून मोठा वाटा एका गाडीत! आकडा ऐकून 1955 चा डॉक हादरतो आणि एडिसनच्या तसबिरीकडे पाहत, शेजाऱ्याशी बोलावं तसं त्याला ‘टॉम’ म्हणत, एवढी वीज आणू कुठून म्हणून विचारतो. मनोऱ्यावरून तारेने आलेली वीज क्षणभरच टिकते, त्यामुळे शक्ती प्रचंड भासली तरी हाती लागणारी ऊर्जा फारशी नसते. सिनेमा तिकडे काणाडोळा करतो. करू दे.

तिसऱ्या भागात हाच माणूस 1885 मध्ये लोहारकी करतो. दुकानभर पसरलेलं एक धूड खडखडत, वाफा सोडत चालतं आणि शेवटी त्यातून पडतो बर्फाचा एकच मळकट खडा. डॉक तो चहात टाकतो आणि खूश!

डॉकला ज्या साली कल्पना सुचते, त्याच 1955 साली न्यूयॉर्कमध्ये दहा वर्षांच्या रोनाल्ड मॅलेट या मुलाचे वडील हृदयविकाराने गेले. ते अवघे 33 वर्षांचे होते, टीव्ही दुरुस्त करायचे. मुलाच्या हाती एच. जी. वेल्सच्या ‘द टाइम मशीन’ची चित्रमय आवृत्ती पडली आणि वडिलांना गाठायचं त्याने मनावर घेतलं. मॅलेट पुढे कनेक्टिकट विद्यापीठात भौतिकशास्त्राचे प्राध्यापक झाले. पण वेडा ठरवतील म्हणून खरा हेतू त्यांनी वर्षानुवर्षं कृष्णविवरांच्या अभ्यासाआड दडवला. डॉकला गमावायला नोकरीच नव्हती, तो दवंडी पिटू शकत होता.

मॅलेट यांनी 2000 साली वर्तुळात फिरणाऱ्या लेझर किरणांच्या गुरुत्वाकर्षणावर निबंध प्रसिद्ध केला. फिरणारा प्रकाश अवकाशाला आणि पुरेसा तीव्र असल्यास काळालाही पीळ देईल, असा त्यांचा तर्क. केन ओलम आणि अॅलन एव्हरेट या भौतिकशास्त्रज्ञांनी त्यावर गंभीर आक्षेप घेतले. मॅलेट यांच्याच मांडणीप्रमाणे असं यंत्र बनलं, तरी ते पहिल्यांदा सुरू झालं त्या क्षणाच्या मागे कुणालाच जाता येणार नाही. म्हणजे 1955 त्यांच्या आवाक्याबाहेरच. हे गणित त्यांनी स्वतःच लोकांना समजावून सांगितलं आणि काम पुढे चालू ठेवलं.